कॅन्सर संशोधनातून सार्वजनिक आरोग्याच्या पदाकडे जायचं असेल तर

पहिला प्रश्न पदवीचा. एमबीबीएस आहे की नाही यावर अर्धी दारं उघडतात आणि अर्धी बंद होतात. ही गोष्ट बहुतेकांना पीएचडीच्या चौथ्या वर्षी कळते.

एमबीबीएस असेल तर राज्याच्या आरोग्य सेवेतली शिडी सरळ आहे. प्राथमिक आरोग्य केंद्राचा वैद्यकीय अधिकारी, मग तालुका आरोग्य अधिकारी, जिल्हा आरोग्य अधिकारी, उपसंचालक, संचालक. केंद्रात जायचं तर यूपीएससीची संयुक्त वैद्यकीय सेवा परीक्षा आहे. तिला वयाची अट असते, त्यामुळे प्रयोगशाळेत तिशी ओलांडली की तो रस्ता संपत येतो. एमडी करणार असाल तर सामाजिक वैद्यकशास्त्र घ्या, म्हणजे सगळे ज्याला पीएसएम म्हणतात ते. नीट-पीजीच्या यादीत या शाखेकडे लोक शेवटी बघतात, पण पुढे खुर्चीवर बसल्यावर रोज लागतं ते तिथेच शिकवतात.

एमबीबीएस नसेल, म्हणजे एमएस्सी, नेट-जेआरएफ आणि खारघरच्या अ‍ॅक्ट्रेकसारख्या (टाटाचं कॅन्सर संशोधन केंद्र) ठिकाणी पीएचडी अशी वाट असेल, तर राज्याच्या संचालनालयातल्या नियमित पदांचा विचार सोडून द्या. सेवाप्रवेश नियमच वैद्यकीय पदवी मागतात. मग उरतं आयसीएमआर, म्हणजे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद, आणि तिच्या संस्था: चेन्नईची एनआयई (साथरोगशास्त्र), बंगळुरूची एनसीडीआयआर (रोगांची आकडेवारी), नोएडाची एनआयसीपीआर (कॅन्सर प्रतिबंध). तिथे वैज्ञानिक 'बी' पासून 'जी' पर्यंत चढता येतं. जाहिरातीत वैद्यकीय आणि अवैद्यकीय अशी वर्गवारी असते. ती आधी वाचा आणि मगच फी भरा. याशिवाय राष्ट्रीय आरोग्य अभियानातली जिल्हा एपिडेमिऑलॉजिस्टसारखी कंत्राटी पदं आहेत. करार अकरा महिन्यांचा, पगार बेताचा, पण जिल्हा कसा चालतो हे दोन वर्षांत कळतं.

पेशीवर काम केलेल्या माणसाला साथरोगशास्त्राची वेगळी पदवी किंवा प्रशिक्षण घ्यावंच लागतं. एनआयईचा एमपीएच (सार्वजनिक आरोग्याची पदव्युत्तर पदवी) अभ्यासक्रम, टिसचा एमपीएच, किंवा दिल्लीच्या एनसीडीसीचा (राष्ट्रीय रोग नियंत्रण केंद्र) साथीचा माग काढायला शिकवणारा दोन वर्षांचा ईआयएस कार्यक्रम यांपैकी काहीतरी एक धरा. यांत फिल्डवर पाठवतात का, हे बघून निवड करा. नुसत्या ऑनलाइन प्रमाणपत्रांच्या जोरावर मुलाखत निभावत नाही. समितीतला कुणीतरी 'छेदात कोण घेतलं होतं?' असं विचारतो आणि उत्तर येत नाही.

छेद हा शब्द इथून पुढे सारखा येईल. प्रयोगशाळेत आपण अंश शिकतो: किती पेशी मेल्या, किती नमुन्यांत जनुक बिघडलं. आरोग्य अधिकाऱ्याचं काम छेदापासून सुरू होतं. शिबिरात १२ रुग्ण सापडले, हे वाक्य त्याच्या लेखी अर्धवट आहे. किती जणींत, कुठल्या वयाच्या, आणि ज्या आल्याच नाहीत त्या कोण?

अमेरिकेतली उदाहरणं पाहून फसू नका. हॅरल्ड वॉर्मस यांना कॅन्सरजनुकांच्या कामासाठी १९८९ चं नोबेल मिळालं आणि १९९३ मध्ये ते थेट एनआयएचचे, म्हणजे तिथल्या राष्ट्रीय आरोग्य संस्थांचे, संचालक झाले. मोनिका बर्टान्योली कॅन्सर सर्जन होत्या. २०२२ मध्ये त्या राष्ट्रीय कॅन्सर संस्थेच्या प्रमुख झाल्या आणि २०२३ मध्ये एनआयएचच्या. तिथे राष्ट्राध्यक्ष नेमणूक करतात, त्यामुळे प्रयोगशाळेतून वा शस्त्रक्रियागृहातून एकदम वरच्या मजल्यावर जाता येतं. आपल्याकडे कामाला येतो तो डॉ. रंगस्वामी शंकरनारायणन यांचा रस्ता. तिरुवनंतपुरमला रेडिओथेरपी, तिथेच मुखकर्करोगाच्या तपासणीची लोकसंख्येवर आधारलेली चाचणी, आणि तिथून फ्रान्समधल्या ल्योंच्या आयएआरसीत (जागतिक आरोग्य संघटनेची कॅन्सर संशोधन संस्था) लवकर निदानाच्या कामाचं प्रमुखपद. त्यांचं मोठं काम, गर्भाशयमुखाच्या कॅन्सरच्या तपासणीची चाचणी, मात्र ल्योंमध्ये बसून झालेलं नाही. बार्शीतून निघालेल्या गाड्या तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातल्या गावोगाव फिरल्या, तेव्हा ते झालं.

तर पहिलं पाऊल नोंदणीचं. लोकसंख्येवर आधारित कॅन्सर नोंदणी केंद्रात किमान सहा महिने, जमलं तर वर्षभर काढा. मुंबईची नोंदणी १९६३ पासून इंडियन कॅन्सर सोसायटी चालवते, ती देशातली पहिली. बार्शीची १९८७ ची, ग्रामीण भागातली पहिली. आपल्याकडे नोंदणी 'सक्रिय' असते. म्हणजे रुग्णालयं माहिती पाठवतील म्हणून वाट बघत बसायचं नाही. कर्मचारी रुग्णालयात, पॅथॉलॉजी लॅबमध्ये, महापालिकेच्या जन्म-मृत्यू विभागात जातात आणि वह्या उतरवून आणतात. हे काम स्वतःच्या हाताने करा. आकडा कुठे गळतो हे वह्या उतरवतानाच दिसतं.

गळती ठरलेल्या जागांवर होते. पहिली जागा पत्त्याची. नोंदणीत फक्त त्या भागात किमान एक वर्ष राहिलेला माणूस धरायचा असा नियम आहे. मराठवाड्यातला रुग्ण उपचारासाठी परळला येतो आणि अर्जावर डोंबिवलीच्या मेहुण्याचा पत्ता देतो. नियम न पाळता नोंद केली तर मुंबई महानगरातला आकडा फुगतो आणि बीडचा खाली जातो. दुसरी जागा नावाची. एकच बाई बार्शीला आडनाव आधी लावून, सोलापूरला आडनाव शेवटी लावून आणि मुंबईत माहेरच्या नावाने नोंदली जाते, त्यामुळे एकीच्या तीन होतात. दुबार नोंदी काढताना नाव, वय (दोन-तीन वर्षं इकडेतिकडे धरून), गाव, अवयव आणि निदानाची तारीख असं पाचही जुळवून बघा. नुसत्या नावावर विसंबलात तर खरोखरच्या दोन बायका एक होऊन बसतील.

तिसरी जागा संकेतांकाची. आयसीडी-ओ या कॅन्सरच्या आंतरराष्ट्रीय संकेतांक यादीप्रमाणे गालाच्या आतल्या अस्तराला सी०६.०, हिरडीला सी०३, जिभेच्या पुढच्या भागाला सी०२. कागदावर नुसतं 'तोंडाचा कॅन्सर' असेल तर कारकून सी०६.९ टाकून मोकळा होतो. मग तंबाखूची गोळी गालात धरण्याच्या सवयीचा परिणाम आकड्यांत दिसतच नाही. सी०६.९ चं प्रमाण वाढलं की संबंधित रुग्णालयाच्या दंतविभागाला फोन करा, पुढच्या महिन्यात कागद सुधारतात. चौथी जागा मृत्यूच्या दाखल्याची. देशात २०२० मध्ये नोंदलेल्या मृत्यूंपैकी साधारण २२ टक्के मृत्यूंचंच कारण डॉक्टरांनी प्रमाणित केलेलं होतं. त्यामुळे फक्त दाखल्यावरून सापडलेल्या नोंदी खूप कमी दिसल्या तर खूश होऊ नका. नोंदणी उत्तम आहे म्हणून त्या कमी असतात, किंवा दाखल्यांवर कारणच लिहिलेलं नसतं म्हणून. कुठलं खरं, हे दाखल्यांची चळत समोर घेतल्यावरच ठरतं.

हे सगळं कशासाठी, ते एका तुलनेत कळतं. २०१२ ते २०१६ च्या राष्ट्रीय अहवालात पुरुषांमधला कॅन्सरचा वयानुसार समायोजित दर (म्हणजे वयोरचनेतला फरक काढून टाकून) मिझोरामच्या ऐजॉल जिल्ह्यात लाखामागे २६९.४ होता, तर उस्मानाबाद-बीडमध्ये ३९.५. सातपटीच्या आसपास फरक. यातला किती तंबाखूचा आणि खाण्यापिण्याचा, किती निदानापर्यंत पोचण्याचा आणि किती नोंदीचा, हे वेगळं करता येणारा माणूस खात्याला हवा असतो. शोधनिबंधांची यादी लांबलचक असूनही ज्याला हे जमत नाही, तो बैठकीत गप्प बसतो.

दुसरं पाऊल पुराव्याचं. तीन चाचण्या तोंडपाठ हव्यात, कारण प्रत्येक प्रस्तावात त्या लागतील. उस्मानाबादची चाचणी ५२ गावसमूहांत, ३० ते ५९ वयाच्या १,३१,७४६ स्त्रियांवर झाली आणि तिचा निकाल २००९ मध्ये आला. आयुष्यात एकदाच केलेल्या एचपीव्ही (हा कॅन्सर घडवणारा विषाणू) चाचणीने गर्भाशयमुखाच्या कॅन्सरचे मृत्यू जवळपास निम्म्यावर आणले. पॅप (पेशी सूक्ष्मदर्शकाखाली बघणं) आणि व्हीआयए (अ‍ॅसेटिक आम्ल लावून नुसत्या डोळ्यांनी बघणं) यांच्या एकाच फेरीने मात्र मृत्यूंत ठोस घट दिसली नाही. मुंबईच्या झोपडपट्ट्यांतली टाटाची चाचणी सुमारे दीड लाख स्त्रियांवर झाली. दहावीपर्यंत शिकलेल्या कार्यकर्त्यांनी दर दोन वर्षांनी व्हीआयए केली, अशा चार फेऱ्या झाल्या आणि मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. हे दोन निकाल एकमेकांशी भांडत नाहीत. व्हीआयए स्वस्त आहे, पण ती पुन्हा पुन्हा करावी लागते, एवढाच त्यांचा अर्थ. तिसरी चाचणी स्तनांची, त्याच मुंबईत, १,५१,५३८ स्त्रियांवर, निकाल २०२१ चा. प्रशिक्षित कार्यकर्तीने हाताने केलेल्या तपासणीने पन्नाशीपुढच्या स्त्रियांत मृत्यू जवळपास ३० टक्क्यांनी कमी झाले, सगळ्या वयांत मिळून मात्र ठोस घट नव्हती. या चाचण्यांत तपासणी न मिळालेल्या गटावरून पुढे कडक टीका झाली. तीही वाचून ठेवा. नैतिकता समितीत तो प्रश्न येतोच, आणि 'त्या वेळी प्रचलित उपचार हाच होता' एवढं उत्तर पुरत नाही.

तिसरं पाऊल, आणि संशोधक इथेच सर्वांत जास्त अडखळतात: क्षमतेचा हिशेब. कागदावर करून बघू. जिल्हा २० लाखांचा. ३० ते ६५ वयाच्या स्त्रिया साधारण पाचवा हिस्सा धरा, म्हणजे ४ लाख. केंद्राच्या २०१६ च्या चौकटीप्रमाणे दर पाच वर्षांनी एकदा व्हीआयए, म्हणजे वर्षाला ८०,०००. सपाट भागात ३०,००० लोकसंख्येला एक प्राथमिक आरोग्य केंद्र या निकषाने ६६ केंद्रं होतात, म्हणजे केंद्रामागे वर्षाला सुमारे १,२००. आठवड्यातला एक दिवस ठरवला तर दिवसाला २४. एका प्रशिक्षित परिचारिकेला दहा मिनिटांत एक असं धरलं तर चार तास. इथपर्यंत जमतं.

आता पुढचं बघा. शंभरात पाच जणी संशयित निघाल्या तर वर्षाला ४,०००. जिल्हा रुग्णालयात एक कॉल्पोस्कोप (गर्भाशयमुख मोठं करून बघायचं यंत्र), आठवड्यातून दोन सत्रं, सत्राला १० जणी, वर्षाला ५० आठवडे: फक्त १,०००. उरलेल्या ३,००० जणींना तुम्ही 'तुला काहीतरी आहे' असं सांगून घरी पाठवलंत. पुढच्या वर्षी त्या गावातून कुणी येणार नाही, आणि त्यात त्यांची काही चूक नसेल. म्हणून तपासणीची गती कॉल्पोस्कोपीच्या गतीवरून ठरवा. एकच यंत्र असेल तर पाव जिल्ह्यापासून सुरू करा, भले मंत्रालयातून पूर्ण जिल्ह्याचा आग्रह असो. थर्मल अब्लेशनचं (बिघडलेला भाग उष्णतेने जाळण्याचं) हातात मावणारं उपकरण मिळालं तर त्याच भेटीत उपचार होतात आणि गळती बरीच थांबते. प्रस्तावात ते आधी घाला, जागृतीची पोस्टरं नंतर.

२०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत ३० ते ४९ वयाच्या स्त्रियांपैकी गर्भाशयमुखाची तपासणी कधीतरी झालेल्या होत्या १.९ टक्के, स्तनांची ०.९ टक्के. आशाताईंचे अर्ज भरले जात नाहीत अशातला भाग नाही. सीबॅक अर्ज (घरोघरी जोखमीचे गुण मोजायचा) भरला जातो, चारच्या वर गुण आलेल्यांची यादी निघते, पोर्टलवर चढते, आणि तिथे थांबते. उपकेंद्र-प्राथमिक आरोग्य केंद्राची बाजू जिल्हा परिषदेच्या जिल्हा आरोग्य अधिकाऱ्याकडे, तर जिल्हा रुग्णालय जिल्हा शल्य चिकित्सकाकडे. दोन कार्यालयं, दोन याद्या. संशयित स्त्री नेमकी या दोघांच्या मधे हरवते. उपाय साधा आहे. दर महिन्याला एक ठरलेली तारीख, दोन्ही कार्यालयांतला एकेक माणूस, नावानिशी यादी, आणि प्रत्येक नावापुढे 'पोचली, नाही पोचली, का नाही'. गाडीभाड्यासाठी थोडे पैसे बाजूला ठेवता आले तर 'का नाही' चा रकाना निम्मा रिकामा होतो.

हाताने काम येणं हाही अधिकाराचा भाग आहे. व्हीआयएचं द्रावण कसं करतात हे विचारलं आणि अधिकाऱ्याला आलं नाही, तर परिचारिका मनात नोंद करते. ९५ मिली डिस्टिल्ड पाण्यात ५ मिली ग्लेशियल अ‍ॅसेटिक आम्ल, रोज ताजं. कालचं उरलेलं वापरलं तर पांढरेपणा नीट येत नाही आणि सगळ्या 'निगेटिव्ह' निघतात. पाणी न घालता तीव्र आम्ल लागलं तर भाजतं. द्रावण लावल्यावर पूर्ण एक मिनिट थांबायचं, घड्याळ बघून. रांग मोठी असली की हे मिनिट वीस सेकंदांवर येतं. पन्नाशीपुढे संक्रमण क्षेत्र (गर्भाशयमुखाचा जिथे कॅन्सर सुरू होतो तो भाग) आत सरकतं, तिथे व्हीआयएवर भरवसा ठेवू नका. एखाद्या केंद्राचा संशयितांचा दर सलग तीन महिने शून्य असेल तर तिथे कॅन्सर नाही असं समजू नका. टॉर्चचे सेल तपासा, बाटलीवरची तारीख बघा.

चौथं पाऊल कागदाचं. शोधनिबंध लिहिणाऱ्याला टिपणी लिहिता येत नाही, हे जवळपास नियमाने खरं. निबंधात निष्कर्ष शेवटी येतो, टिपणीत मागणी दुसऱ्या परिच्छेदात हवी. क्रम असा: विषय, आधीच्या शासन निर्णयाचा संदर्भ, नेमका प्रस्ताव, वित्तीय भार, लेखाशीर्ष (खर्च कुठल्या शीर्षाखाली टाकायचा तो क्रमांक), आणि शेवटी 'मान्यतेस्तव सादर'. दीड पान, त्याहून जास्त नाही. लेखाशीर्ष चुकलं तर नस्ती (फाइल) वित्त विभागातून पंधरा दिवसांनी परत येते आणि तोवर मार्च उजाडतो. राष्ट्रीय आरोग्य अभियानाच्या वार्षिक आराखड्यात, म्हणजे पीआयपीत, ओळ नसेल तर केंद्राचे ६० आणि राज्याचे ४० टक्के या हिशेबातला पैसा मिळत नाही. मग जिल्हा नियोजन समितीकडे जावं लागतं. तिथे उपकरणाला पैसे मिळतात, माणसाच्या पगाराला सहसा नाही. कॉल्पोस्कोप येतो आणि चालवणारा येत नाही, असं होतं ते यामुळे.

आमदारांचं पत्र येतं: मॅमोग्राफीची गाडी आणा. 'नको' म्हणू नका, हिशेब द्या. वरची मुंबईची स्तनांची चाचणी, पुढच्या बायोप्सीला लागणारी माणसं, आणि दक्षिण कोरियाचं उदाहरण. तिथे १९९९ नंतर तपासण्यांसोबत थायरॉइडची सोनोग्राफी सुरू झाली. २०११ पर्यंत थायरॉइड कॅन्सरचं प्रमाण १९९३ च्या पंधरापट झालं आणि मृत्यू होते तिथेच राहिले. गाडीऐवजी तेवढ्याच पैशात परिचारिकांचं प्रशिक्षण आणि त्याचं उद्घाटन आमदारांच्या हस्ते, असा प्रस्ताव सोबत जोडला तर बरेचदा चालतो.

आदेशाने विज्ञान कसं बदलतं, हे एकदा नीट समजून घ्या. २००९ च्या सप्टेंबरमध्ये एचपीव्ही लशीच्या दोन विरुद्ध तीन मात्रांची चाचणी भारतात सुरू झाली. बार्शी हे तिचं एक केंद्र होतं. दुसऱ्याच एका लसीकरण प्रकल्पावरून वाद पेटला आणि एप्रिल २०१० मध्ये सरकारने अशा सगळ्या लसीकरणाला स्थगिती दिली. १७,७२९ मुलींना लस टोचली गेली होती, त्यांतल्या सुमारे ५,००० जणींना एकच मात्रा मिळाली होती. चाचणी मोडली. पण संशोधकांनी मुलींचा पाठपुरावा सोडला नाही, घरं बदलली, लग्नं झाली तरी. दहा वर्षांनी एका मात्रेचं संरक्षणही एचपीव्हीच्या १६ आणि १८ या प्रकारांच्या टिकून राहणाऱ्या संसर्गाविरुद्ध ९५ टक्क्यांच्या आसपास निघालं. एका मात्रेच्या शिफारशीला बळ देणाऱ्या पुराव्यात हा मोडलेला अभ्यास आहे. खुर्चीवर बसाल तेव्हा स्थगितीचा आदेश काढण्याची वेळ तुमच्यावरही येईल. त्या आदेशात 'आधी सामील झालेल्यांचा पाठपुरावा चालू ठेवावा' एवढं वाक्य घालायला विसरू नका.

बंदीच्या आदेशांचंही तसंच. महाराष्ट्रात गुटखाबंदी २०१२ च्या जुलैपासून आहे. पण अन्न सुरक्षा कायद्याखालचा असा आदेश जास्तीत जास्त एक वर्षाचा असतो, दरवर्षी नव्याने काढावा लागतो. तारीख चुकली की तेवढे दिवस विक्रेता मोकळा. शिवाय पानमसाला एका पुडीत आणि तंबाखू दुसऱ्या पुडीत, अशी जोडी विकली गेली की नुसत्या 'गुटखा' शब्दाचा आदेश तोकडा पडतो. २०१६-१७ च्या प्रौढ तंबाखू पाहणीत राज्यातले २४.४ टक्के प्रौढ धूरविरहित तंबाखू घेत होते, धूम्रपान करणारे ३.८ टक्के. आदेशातल्या व्याख्या या प्रमाणाकडे बघून लिहा. सिगारेटवरच्या परदेशी मसुद्याची नक्कल इथे कामाची नाही.

पदावर आल्यावर संशोधन चालू ठेवता येतं, परवानगीने. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम १९७९ लागू होतात. खात्याची आकडेवारी निबंधात वापरायची तर लेखी मान्यता आधी घ्या. कंपनीच्या खर्चाने परिषदेला जाणं, पूर्वी चालत असलं तरी, आता बंद.

बदलीचा कायदा २००५ चा, एका जागी साधारण कार्यकाळ तीन वर्षांचा. तपासणीची फेरी पाच वर्षांची. म्हणजे पहिली फेरी तुम्ही पूर्ण करणार नाही, हे पहिल्याच दिवशी गृहीत धरा. संशयितांची यादी स्वतःच्या लॅपटॉपवर ठेवू नका. ती कार्यालयाच्या संगणकावर, एकाच नमुन्यात, अवैद्यकीय सहायकाला उघडता येईल अशी हवी. कार्यभार देताना यादीत तीन संख्या वेगळ्या लिहून सही घ्या: किती जणी संशयित, किती जणींची कॉल्पोस्कोपी झाली, आणि अजून कुणाच्या घरी जायचं राहिलं आहे.